भाजीपाल्याची उगवण आणि मातीचे तापमान: नाशिककरांना पडणारे प्रश्न

नाशिक जिल्ह्यात एकाच आठवड्यात इगतपुरीत चिखल असतो, येवल्यात धूळ उडते आणि निफाडला पहाटे शेकोटी पेटते. त्यामुळे ‘अमुक तारखेला बी टाका’ हा सल्ला सगळ्या जिल्ह्याला लागू पडू शकत नाही. बी ज्या खोलीवर पडणार आहे तिथली माती किती गरम आहे, हे मोजून पेरणी ठरवता येते. रोपवाटिकेत आणि शेतात वर्षानुवर्षे विचारले जाणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत.

हवामानाच्या बातम्यांत तापमान कळतेच. मग मातीचे वेगळे कशाला मोजायचे?

बातम्यांतला आकडा जमिनीपासून साधारण सव्वा मीटर उंचीवर, सावलीत, जाळीदार पेटीत ठेवलेल्या थर्मामीटरचा असतो. बी असते मातीत, दोन-चार सेंटीमीटर खाली. मे महिन्यात दुपारी हवा ३८ अंश असेल तर उघडी, कोरडी, काळी जमीन वरच्या थरात ५० च्या पुढे सहज जाते. उलट डिसेंबरात कुंदेवाडीच्या गहू संशोधन केंद्रात पारा ६ अंशांवर उतरल्याची बातमी येते, तेव्हा पाच सेंटीमीटर खालची माती हवेपेक्षा काही अंश उबदार असते, कारण दिवसभर साठवलेली उष्णता ती सावकाश सोडते. बातमी बघून घाबरणारा थंडीत उगाच थांबतो आणि उन्हाळ्यात उगाच घाई करतो.

मोजायचे कुठे आणि किती वाजता?

बी जितके खोल, तितक्या खोलीवर. कांदा, टोमॅटो, मिरची, कोबी यांचे बी एक-दीड सेंटीमीटरवर असते, भेंडी, काकडी, घेवडा अडीच-तीन सेंटीमीटरवर. वेधशाळेच्या कृषी केंद्रांत ५, १० आणि २० सेंटीमीटरवर नोंदी घेतात, पण भाजीपाल्याच्या वाफ्याला ५ सेंटीमीटरची नोंद पुरते. बारीक बियांचा वरचा थर दुपारी त्याहूनही तापलेला असतो एवढे ध्यानात ठेवावे.

वेळा दोन. सूर्योदयानंतर लगेच माती सर्वांत थंड असते आणि दुपारी दोन ते चारच्या दरम्यान हा थर सर्वांत गरम असतो. हिवाळ्यात आणि जानेवारी-फेब्रुवारीच्या पेरणीला सकाळच्या आकड्याला महत्त्व द्या. एप्रिल ते जून या काळात दुपारचा आकडा निर्णय ठरवतो. एका दिवसाच्या नोंदीवर जाऊ नका. सलग तीन-चार दिवस त्याच जागी मोजा आणि पेरायच्या वाफ्यातच मोजा. बांधावरच्या लिंबाच्या सावलीतल्या मातीचा आकडा वाफ्याला उपयोगाचा नाही.

थर्मामीटर कोणता घ्यावा?

लांब सळईचा, मातीत खुपसायचा साधा डिजिटल चालतो, काहीशे रुपयांत मिळतो. खुपसल्यावर दोन-तीन मिनिटे थांबून आकडा वाचा. घेतल्यावर एकदा बर्फाच्या पाण्यात बुडवून बघा, शून्याच्या आसपास दाखवायला हवा.

कोणत्या भाजीला किती अंश लागतात?

सर्वांत जास्त विचारला जाणारा हा प्रश्न, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

वेलवर्गीय आणि उष्ण प्रदेशातल्या भाज्या म्हणजे काकडी, भोपळा, कारले, दोडका, कलिंगड, खरबूज आणि भेंडी. यांना १५-१६ अंशांखाली उगवण जवळजवळ नाहीच. २५ च्या वर त्या खुलतात आणि ३० ते ३५ अंशांत सर्वांत वेगाने वर येतात. काकडी ३० अंशांत तिसऱ्या-चौथ्या दिवशी दिसते, तीच १५ अंशांत जवळजवळ दोन आठवडे घेते. भेंडीचा फरक आणखी मोठा आहे. ३० अंशांत आठवडाभर, २० अंशांत अडीच आठवडे. तेवढ्या दिवसांत ओल्या मातीत बी कुजायला बुरशीला भरपूर सवड मिळते.

टोमॅटो, वांगी, मिरची आणि ढोबळी मिरचीला २५ ते ३० अंश मानवतात. टोमॅटो या तापमानात सहा दिवसांत येतो, २० अंशांत आठ, १५ अंशांत चौदा. मिरची त्याहून नाजूक: १५ अंशांत पंचवीस दिवस, २५ अंशांत आठ. ३५ च्या वर दोघांचीही उगवण खालावते.

कांद्याची तऱ्हा वेगळी. तो थंडी सोसतो, १० अंशांतही तेराव्या दिवशी उगवतो. २० ते ३० अंशांत चार-पाच दिवसांत उगवतो. पण ३५ ला गेला की पुन्हा तेरा दिवस, आणि टक्काही घसरतो. उष्णता आणि थंडी दोन्ही टोकांना कांदा सारखाच रेंगाळतो, ही गोष्ट आपल्या जिल्ह्याच्या दृष्टीने फार महत्त्वाची आहे.

कोबी, फ्लॉवर, मुळा आणि गाजर १० अंशांच्या आसपासही हळूहळू उगवतात, २० ते ३० मध्ये उत्तम. वाटाण्याला ५ अंशांपासून चालते, पण २४-२५ च्या वर त्याचे नुकसान सुरू होते. म्हणून ऑक्टोबर हीटमध्ये घाईने पेरलेला वाटाणा विरळ निघतो. सॅलडचा लेट्युस तर २७-२८ अंशांच्या वर झोपूनच राहतो. बी जिवंत असते, पण उगवत नाही.

आम्ही रोहिणी-मृग बघून पेरतो. ते सोडून द्यायचे का?

अजिबात नाही. नक्षत्रे सूर्याच्या स्थितीवरून ठरतात, त्यामुळे रोहिणी २५ मेच्या आणि मृग ७-८ जूनच्या आसपासच लागतो. त्यातून हंगामाचा अंदाज मिळतो. पण मृग लागला म्हणजे पाऊस पडला असे नाही, आणि पाऊस पडेपर्यंत जमीन तापलेलीच असते. पहिल्या चांगल्या पावसानंतर वरच्या थराचे तापमान एका दिवसात कित्येक अंश खाली येते. मृग लागला की थर्मामीटर हातात घ्या, इतकाच बदल करायचा.

मे महिन्यात टाकलेले पोळ कांद्याचे उळे (रोपांसाठी वाफ्यात टाकलेले बी) निम्मेही उगवत नाही. बी खराब असते का?

कधी असते, पण बहुतेक वेळा दोष तापलेल्या वाफ्याचा असतो. खरिपाचा पोळ कांदा जुलै-ऑगस्टमध्ये लावायचा म्हणून उळे मेच्या मध्यापासून जूनपर्यंत टाकतात. म्हणजे वर्षातल्या सर्वांत तापलेल्या मातीत, दीड सेंटीमीटरवर, असे बी टाकायचे की जे ३५ अंशांत रुसते. येवला, चांदवड, नांदगाव, मालेगावच्या उघड्या रानात दुपारी त्या थराचे तापमान चाळिशी पार करते. बी सकाळी पाणी शोषते, दुपारी भाजते, संध्याकाळी पुन्हा भिजते. तीन-चार दिवस हे चालले की कोंब फुटण्याआधीच बी मरते. उकरून पाहिले तर टरफलात मऊ, तपकिरी गर सापडतो.

उपाय बहुतेक वाफा थंड ठेवण्याचे आहेत. सपाट वाफ्याऐवजी १०-१५ सेंटीमीटर उंच गादीवाफा करा, म्हणजे पाऊस आला तर पाणी साचणार नाही. बी ओळीत टाकून चाळलेल्या शेणखताने झाका. त्यावर गव्हाच्या काडाचे किंवा उसाच्या पाचटाचे पातळ आच्छादन द्या. कोंब दिसू लागताच ते संध्याकाळी काढा. एक दिवस उशीर झाला तरी रोप लांबट आणि पिवळे पडते. वर शेडनेट बांधता आले तर उत्तम, पण ते जमिनीपासून उंच हवे. वाफ्याला चिकटून टाकलेले नेट खाली वाफ कोंडते. पाणी झारीने किंवा सूक्ष्म तुषारने थोडे थोडे द्या. दुपारी अकरा-साडेअकराला दिलेली हलकी फवारणी वाफ्याचे तापमान सर्वांत जास्त उतरवते, कारण पाणी उडून जाताना उष्णता सोबत नेते. भर दुपारी पाटाने तुडुंब पाणी देणे मात्र घातक, तापलेल्या साचलेल्या पाण्यात बी गुदमरते.

याच उन्हाचा एक फायदाही घेता येतो. एप्रिलमध्ये रोपवाटिकेची जागा तयार करून भिजवा. तिच्यावर पारदर्शक पातळ पॉलिथिन ताणून कडा मातीत गाडा आणि चार ते सहा आठवडे तसेच राहू द्या. कागदाखाली माती इतकी तापते की कोवळी रोपे कोलमडवणाऱ्या मर रोगाच्या बुरशा आणि तणांचे बी मोठ्या प्रमाणात मरतात. कागद काढल्यावर जमीन खोल उकरू नका, नाहीतर खालचे तण वर येते. आगाप (लवकरच्या) रोपाला हा वेळ मिळत नाही, पण जूनमध्ये उळे टाकणाऱ्यांनी ही संधी सोडू नये असे मला मनापासून वाटते. औषधांवरचा बराच खर्च वाचतो.

रांगडा (खरिपानंतरचा) आणि उन्हाळ (रब्बीचा) कांद्याच्या उळ्यालाही एवढी काळजी लागते का?

तापमानाची नाही. ऑगस्ट-सप्टेंबरात रांगड्याला चिंता असते ती जास्त ओलीची आणि मरीची. ऑक्टोबर-नोव्हेंबरात उन्हाळ कांद्याचे उळे टाकतो तेव्हा माती कांद्याला अगदी मनाजोगती असते. तरीही उगवण कमी झाली तर बियाण्याकडे बघा. कांद्याचे बी फार लवकर म्हातारे होते, साध्या साठवणीत वर्षभरातच त्याची शक्ती कमी होते. डिसेंबरपर्यंत लांबवल्यास उगवण होईल, पण रोपाची वाढ थंडीत अडेल आणि लागवड मागे जाऊन कांदा पोसायच्या वेळी ऊन तापलेले असेल.

जानेवारीत टोकलेली भेंडी, काकडी, कारली उगवत नाहीत. कधी टोकावी?

बाजार लवकर गाठायचा म्हणून संक्रांतीच्या आधी टोकण करण्याचा मोह होतो. निफाड, दिंडोरी, सिन्नर या पट्ट्यांत तेव्हा सकाळची माती १५ अंशांच्या आसपास असू शकते, दुपारी ती २५ पर्यंत चढते. बी रात्री थांबते आणि दिवसा थोडे पुढे सरकते. सकाळचा आकडा सलग चार दिवस १८ च्या वर राहिला की भेंडी, काकडी टोकावी. कसमादेच्या (कळवण, सटाणा, मालेगाव, देवळा) गरम भागात हे बहुधा लवकर साधते, गोदाकाठच्या थंड पट्ट्यात फेब्रुवारीची वाट पाहावी लागते.

थांबायचेच नसेल तर बीच उबवून घ्या. कारल्याचे, दोडक्याचे बी टणक. रात्रभर ते चोवीस तास कोमट पाण्यात भिजवून ओल्या गोणपाटात गुंडाळा आणि चुलीजवळ किंवा शेणखताच्या उबदार ढिगावर ठेवा. कोंब नुसता डोकावला की टोका. लांब कोंब हाताळताना मोडतो. भेंडीला एक रात्र भिजवणे पुरे. घेवड्याचे बी मात्र पाण्यात बुडवून ठेवू नका. शेंगवर्गीय बी पहिल्या काही तासांत थंड पाणी शोषून घेते तेव्हा आतले पापुद्रे फाटतात आणि बी सडते.

पाण्याचाही विचार करा. हिवाळ्यात विहिरीचे पाणी कोमट असते, पहाटे त्यावर वाफ दिसते. शेततळ्याचे पाणी रात्रभर थंड झालेले असते. टोकणीनंतरचे पहिले पाणी विहिरीचे, आणि तेही दहा-अकरा वाजता द्यावे. सरी पूर्व-पश्चिम असेल तर बी वरंब्याच्या दक्षिण अंगाला टोका. जानेवारीत सूर्य दक्षिणेला झुकलेला असतो, त्यामुळे ती बाजू जास्त तापते. उन्हाळ्यात ही युक्ती निरुपयोगी आहे. मेच्या तिसऱ्या आठवड्याच्या आसपास सूर्य आपल्या थेट डोक्यावर येतो.

टोमॅटोची रोपे ट्रेमध्ये वाढवतो. तिथे माती नसते, मग तापमान कशाचे बघायचे?

कोकोपीटचे, म्हणजे ट्रेत भरलेल्या नारळाच्या काथ्याच्या भुशाचे. ट्रे भरून बी टाकल्यावर ट्रे एकावर एक रचून प्लॅस्टिकने झाकतात, ते ओल आणि ऊब टिकावी म्हणून. हिवाळ्यात ही पद्धत फार चांगली. मे-जूनमध्ये मात्र गिरणारे, पिंपळगावकडच्या आगाप टोमॅटोची रोपे करताना तोच झाकलेला ढीग शेडनेटखालीही तापतो. मधल्या ट्रेमध्ये थर्मामीटर खुपसून बघा. ३२ च्या पुढे जात असेल तर ढीग लहान करा आणि दुपारी प्लॅस्टिक थोडे उचला. तिसऱ्या दिवसापासून रोज उघडून पाहायचे. दहा टक्के कप्प्यांत कोंब दिसला की ट्रे लगेच पसरायचे.

मेथी, शेपू, कोथिंबीर यांचे काय?

मेथी फारशी कुरकुर करत नाही. कोथिंबिरीला मात्र १८ ते २५ अंश आवडतात. एप्रिल-मेमध्ये भाव चढतो म्हणून सगळे पेरतात आणि उगवण विरळ होते. धणे हलके रगडून दोन डाळी वेगळ्या करा, बारा तास भिजवून सावलीत सुकवा, संध्याकाळी पेरा आणि उगवेपर्यंत वरचा थर सुकू देऊ नका. मक्याच्या किंवा शेवग्याच्या विरळ सावलीत पेरलेली कोथिंबीर उघड्या रानापेक्षा चांगली उगवते.

काळी जमीन लवकर तापते की मुरमाड?

कोरडी असेल तर काळी, कारण गडद रंग ऊन जास्त शोषतो. पण काळी माती पाणी धरून ठेवते आणि पाणी तापायला भरपूर उष्णता लागते. म्हणून जानेवारीत ओली काळी जमीन दिवसभर गारच राहते, तर शेजारचे मुरमाड माळरान अकरा वाजेपर्यंत उबदार होते. मुरमाड रात्री तितक्याच वेगाने थंडही होते. काळ्या रानात आगाप वेलभाज्या करायच्या असतील तर आधी ओलवणी करून (टोकणीआधी पाणी देऊन) वाफसा (माती ओलसर पण न चिकटणारी होणे) येऊ द्या आणि वाफशावर टोका. टोकल्यावर लगेच पाणी नको, नाहीतर माती गारही होते आणि वर पापडीही धरते.

मल्चिंग पेपरने फरक पडतो का?

पडतो, पण रंगावर अवलंबून. पारदर्शक कागद माती सर्वांत जास्त तापवतो, मात्र खाली तण माजते. काळा कागद त्याहून कमी तापवतो. चंदेरी बाजू वर ठेवलेला ऊन परतवतो म्हणून उन्हाळ्यात तोच घ्यावा. कलिंगडाच्या टोकणीत भोक पुरेसे मोठे ठेवा. तापलेल्या कागदाला टेकलेले कोवळे रोप मानेशी भाजते आणि लोकांना वाटते मर लागली.

इंटरनेटवर परदेशी तक्ते मिळतात. ते आपल्याला चालतील?

अंश चालतील, तारखा नाही. बियाला देश कळत नाही, पण ‘शेवटचा बर्फ पडून गेल्यावर पेरा’ या सल्ल्याचे नाशिकला काय करायचे? आकडे फॅरनहाइटमध्ये असतील तर ३२ वजा करून १.८ ने भागा. ८५ म्हणजे साधारण साडेएकोणतीस अंश. पालकाबाबत विशेष जपा. त्या तक्त्यांतला स्पिनॅच ही वेगळी वनस्पती आहे, तिची उगवण ३० अंशांत फार घटते. आपला देशी पालक बीटाचा सख्खा भाऊबंद असून त्याहून बरीच उष्णता सोसतो.

शहरात गच्चीवर कुंड्या आहेत. हेच नियम लागू का?

अंश तेच, पण कुंडी चारही बाजूंनी तापते आणि चारही बाजूंनी थंड होते. काळ्या ग्रो बॅगची पश्चिमेकडची बाजू एप्रिलमध्ये हात लावू देत नाही. गंगापूर रोडपासून सिडकोपर्यंत गच्च्यांवर एकच अडचण दिसते: बॅग थेट स्लॅबवर ठेवलेली असते आणि स्लॅब रात्री उशिरापर्यंत गरम असतो. विटांवर किंवा लाकडी फळ्यांवर ठेवा, बाहेरून गोणपाट गुंडाळा आणि उगवेपर्यंत सकाळचे ऊन मिळेल अशा जागी हलवा. थंडीत उलट, दक्षिणेकडे तोंड असलेल्या भिंतीशी आणा.

आठ दिवस झाले, काहीच उगवले नाही. पुन्हा पेरू का थांबू?

आधी उकरा. वाफ्याच्या चार-पाच ठिकाणची दहा-वीस बिया काढून बोटात दाबून बघा. बी टणक आणि कोरडे असेल तर ओल पोहोचलीच नाही. फुगलेले, घट्ट आणि आतून पांढरे असेल तर ते जिवंत आहे, थंडीमुळे रेंगाळले आहे, थांबा. मऊ, तपकिरी, वास येणारे असेल तर ते गेले. कोंब फुटून मातीखालीच वाकडा झाला असेल तर वर पापडी आहे, हलके पाणी देऊन ती मऊ करा. कोंब बाहेर येऊन मुळाशी काळा पडला असेल तर ती मर आहे, पाणी कमी करा. पुढच्या वेळी किलोमागे ४-५ ग्रॅम ट्रायकोडर्मा (रोगाच्या बुरशीला रोखणारी उपयोगी बुरशी) चोळूनच बी टाका.

मेलेल्या बियांचे कारण कळत नसेल तर उरलेल्या पुडीतले १०० दाणे मोजून ओल्या कापडात गुंडाळा आणि घरात, सावलीत ठेवा. प्रमाणित बियाण्याला कांदा आणि टोमॅटोत किमान ७० टक्के, भेंडीत ६५, मिरचीत ६० टक्के उगवण असावी लागते. घरातल्या कापडात एवढे दाणे फुटले आणि वाफ्यात नाही, तर दोष जमिनीचा आहे आणि ती दुरुस्त केल्याशिवाय दुसरी पुडी फोडू नका. कापडातही कमी फुटले तर पुडी, तिच्यावरचा लॉट नंबर आणि खरेदीची पावती जपून ठेवून तालुका कृषी अधिकाऱ्यांकडे लेखी तक्रार करा. तक्रार लवकर करावी, पाहणीला वाफा जसाच्या तसा दिसायला हवा.